गंगारामचा मुलगा

नारायण सुर्वे मास्तर, बीबीच्या शिवारात कपाशीची बोंडं फुटली की तुमची आठवण येते. आमचं गाव लोणार तालुक्यातलं, वऱ्हाडाच्या टोकाचं. इथल्या मुलखाचा कापूस गाठी बांधून मुंबईच्या गिरण्यांकडे जायचा. त्याच गिरण्यांच्या मुंबईत, १९२६च्या सुमारास, टाकून दिलेलं एक तान्हं मूल गंगाराम कुशाजी सुर्वे या कामगाराला दिसलं. ते मूल म्हणजे तुम्ही. त्यानं ते उचललं. क्राऊन मिलमध्ये राबणाऱ्या त्याच्या बायकोनं, काशीबाईनं, पदराखाली घेतलं.

आमच्याकडे अनोळखी पोराला पाणी देण्याआधी विचारतात, ‘कोणाचा रे तू?’ एका प्रश्नात बाप, भावकी, जात, सगळं आलं. या प्रश्नानं किती माणसं आयुष्यभर खाली मान घालून चालली, ते मी पाहिलंय. तुमच्यासाठी गंगारामनं उत्तर आधीच देऊन टाकलं होतं: माझा.

पुढे गंगाराम कोकणात गावी निघून गेला, जाताना तुमच्या हातावर दहा रुपये ठेवून. तुम्ही पोरसवदा, पुन्हा रस्त्यावर. त्याला दोष द्यायला माझी जीभ वळत नाही. थकलेल्या कामगाराकडे देण्यासारखं होतं ते त्यानं दिलं होतं. त्याचं नाव घेऊन तुम्ही ओझी वाहिलीत, शाळेत शिपाई झालात, मग मास्तर. ‘ऐसा गा मी ब्रह्म’ हा तुमचा कवितासंग्रह १९६२ साली आला. १९९५ला परभणीच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झालात. परभणी आम्हाला मुंबईपेक्षा कितीतरी जवळची, त्यामुळे वाटलं, मास्तर आपल्याच अंगणात आले.

अरुण खोपकरांनी २००२ साली तुमच्यावर माहितीपट केला. त्याला सुवर्णकमळ मिळालं. पण मला त्यातलं सगळ्यांत मोलाचं वाटतं ते शीर्षक. कवीवरचा माहितीपट, एखादी गाजलेली ओळ सहज घेता आली असती. त्यांनी लिहिलं, ‘नारायण गंगाराम सुर्वे’. ज्याच्या वाट्याला आयुष्यभर सूत आणि धूळ आली, तो गंगाराम पडद्यावर मधोमध, तुमच्या नावाच्या आणि आडनावाच्या बरोबर मध्ये.

१९८२च्या गिरणी संपानंतर मुंबईच्या गिरण्या मोडल्या. आमच्याकडे कपाशीच्या कितीतरी वावरांत सोयाबीन आलं. १६ ऑगस्ट २०१०ला तुम्ही गेलात. लोक म्हणाले, कामगारांचा कवी गेला. खरंच होतं ते. मला मात्र त्या दिवशी गंगाराम आणि काशीबाईसाठी रडू आलं. त्यांचा मुलगा गेला होता.