काळाचें विद्यापीठ

आपल्या मराठी भाषेंत काळावर जितके वाक्प्रचार आहेत, तितके क्वचितच दुसऱ्या कशावर असतील. वेळ येते, वेळ जाते, वेळ साधतां येते, वेळ मारूनहि नेतां येते. असें असून काळ म्हणजे काय, असें वर्गांत विचारलें तर हुशारांतला हुशार विद्यार्थीहि खालीं पाहूं लागतो. शेती, वैद्यक, कायदा, भाषा या सर्वांच्या अभ्यासासाठीं विद्यापीठें आहेत. मग केवळ काळाच्या अभ्यासास वाहिलेलें एखादें विद्यापीठ कां नसावें, हा विचार पुष्कळ दिवस आमच्या मनांत घोळत आहे. तसें विद्यापीठ आमच्या पाहण्यांत कोठेंहि नाहीं. म्हणून आम्हीं तें मनांतच बांधलें आहे, आणि आज आमच्या वाचकांस त्याच्या चार दालनांतून हिंडवून आणावें अशी इच्छा आहे.

पहिलें दालन मापनाचें. दारांतच पाण्यानें भरलेलें एक घंगाळ ठेविलें आहे व त्यांत तांब्याची एक वाटी तरंगत आहे. वाटीच्या बुडाशीं बारीक छिद्र आहे. त्यांतून पाणी थेंबथेंब वर येतें, आणि २४ मिनिटांनीं वाटी भरून बुडते. ही झाली एक घटका. अशा ६० घटका मोजल्या म्हणजे एक दिवस व एक रात्र पुरी होते. लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठीं अशी वाटी पाण्यांत सोडून तिजवर डोळा ठेवून बसण्याची चाल आपल्याकडे होती. “घटका भरली” असें आपण म्हणतों, तें याच वाटीवरून. आणि “घटकाभर बसा” असा आग्रह करणाऱ्या आजीलाहि हेंच माप ठाऊक होतें.

त्यापुढें हॉलंडच्या ख्रिश्चन हायगेन्स यांचें लंबकाचें घड्याळ आहे. तें १६५६ सालीं तयार झालें. त्यापूर्वींचीं यांत्रिक घड्याळें एका दिवसांत पाव तासापर्यंत चुकत. लंबकानें तो फरक कांहीं सेकंदांवर आणिला. दालनाच्या शेवटीं सिझियम धातूच्या अणूवर चालणारें घड्याळ आहे. त्या अणूच्या एका विशिष्ट प्रारणाचीं ९ अब्ज १९ कोटी २६ लाख ३१ हजार ७७० आंदोलनें म्हणजे एक सेकंद, असें १९६७ सालीं जगानें ठरविलें. आपल्या देशाची प्रमाणवेळ नवी दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेंत अशाच घड्याळांवर राखिली जाते.

इतकें बारीक मोजून साधावयाचें काय, असें कोणी विचारील. त्याचें उत्तर दुसऱ्या दालनांत आहे. १७०७ सालीं इंग्लंडच्या आरमाराचीं चार जहाजें सिली बेटांजवळच्या खडकांवर आपटून बुडालीं आणि हजाराहून अधिक माणसें प्राणांस मुकलीं. आपण समुद्रांत नेमके कोठें आहों हें खलाशांस उमगलें नव्हतें. पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे ४ मिनिटांस एक अंश. तेव्हां जहाजावर माध्यान्ह झाली असतां मूळ बंदरांत किती वाजले हें कळलें, तर पूर्व-पश्चिम अंतर तत्काळ काढतां येतें. अडचण एवढीच कीं, हलत्या जहाजावर बरोबर चालेल असें घड्याळच नव्हतें. १७१४ सालीं इंग्लंडच्या पार्लमेंटनें या कामीं २०,००० पौंडांचें बक्षीस लाविलें. तें कोडें सोडविलें जॉन हॅरिसन नांवाच्या एका सुतारानें. त्यानें कोणत्याहि महाविद्यालयाचें तोंड पाहिलें नव्हतें. त्याचें चौथें घड्याळ १७६१ सालीं जमैकाच्या सफरीवर निघालें, तें ८१ दिवसांत अवघे ५ सेकंद मागें पडलें. तरीहि पैशाचा शेवटचा मोठा हप्ता हातीं पडला तेव्हां हॅरिसनचें वय ८० वर्षांचें झालें होतें. आमच्या विद्यापीठांत पदवीदानाच्या दिवशीं पहिली खुर्ची याच सुतारासाठीं रिकामी ठेविलेली असते.

तिसऱ्या दालनावर एकच प्रश्न लिहिलेला आहे: वेळ कोणाची? १९०६ सालीं सरकारनें सर्व हिंदुस्थानासाठीं एक प्रमाणवेळ सुरू केली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेच्या ३९ मिनिटें पुढें होती. आगगाडीस व तारेस हें सोयीचें झालें, यांत शंका नाहीं. परंतु पहांटे गिरणीवर जाणाऱ्या मजुराचा विचार करा. गिरणीचा भोंगा नव्या सहाच्या ठोक्यास वाजला म्हणजे सूर्याच्या हिशेबानें अजून साडेपांचहि झालेले नसत! घड्याळाचा कांटा कोणीतरी कचेरींत पुढें सरकविला, आणि झोंप मात्र याची गेली. त्या वर्षाच्या जानेवारींत मुंबईच्या हजारों गिरणी कामगारांनीं काम नाकारलें, गिरण्यांवर दगडहि फेंकले. दगड फेंकणें योग्य असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु त्यांचें गाऱ्हाणें खोटें होतें असेंहि आम्हांस म्हणवत नाहीं. शहरानेंहि आपली जुनी वेळ सहजासहजीं सोडली नाहीं. ती १९५५ सालापर्यंत वापरांत राहिली.

चौथें दालन लहान आहे. तेथें एकहि यंत्र नाहीं, फक्त एक बांक आहे. या दालनाची कल्पना आम्हांस एका पालकांवरून सुचली. कांहीं वर्षांपूर्वीं ते आमच्याकडे आले. मुलाला नववींतून काढून कामाला लावावयाचें, असें त्यांच्या मनांत होतें. दहावीपर्यंत राहूं द्या, अशी आम्हीं विनंति केली. तेव्हां ते म्हणाले, “मास्तर, तुम्ही दोन वर्षं मागतां. तीं मला कोण परत देणार?” या प्रश्नास आमच्यापाशीं उत्तर नव्हतें. ते घटकाभर तसेच बसले, मग “राहूं द्या त्याला” एवढेंच बोलून निघून गेले. त्यांनीं त्या दिवसांपासून रात्रपाळी धरली, हें आम्हांस पुढें पुष्कळ महिन्यांनीं कळलें.

तो मुलगा पुढें कोण झाला हें आम्ही मुद्दाम सांगत नाहीं. बापानें दिलेल्या दोन वर्षांची किंमत मुलाच्या पगारावरून ठरावी, हें आम्हांस बरें वाटत नाहीं. तीं वर्षें दिलीं गेलीं त्याच वेळीं मोलाचीं झालीं होतीं. तास साठच मिनिटांचा, श्रीमंताच्या घरीं आणि गरिबाच्या घरींहि. परंतु कोणास तो आपल्या मर्जीनें खर्चितां येतो, कोणास तो आधींच विकावा लागतो. हें ज्यास कळलें, त्यास आमच्या विद्यापीठाचा अर्धा अभ्यासक्रम आला असें समजावें.

उरलेला अर्धा विद्यार्थ्यांनीं घरीं पुरा करावा. आज संध्याकाळीं एक कोरा कागद घ्यावा. सकाळीं शाळेची घंटा वाजल्यापासून सुटेपर्यंत आपण बांकावर बसलेले असतां, त्या वेळांत आपली आई काय करीत असते, वडील कोठें असतात, थोरला भाऊ किंवा बहीण कोणतें काम उरकीत असते, तें तासातासानें लिहावें. माहीत नसेल तर विचारावें. हा कागद आम्हांस दाखविण्याची गरज नाहीं. तो गणिताच्या वहींत ठेवावा, आणि तास कंटाळवाणा वाटूं लागला म्हणजे एकदां उघडून पाहावा.