पुढचा भाग

परवा रात्री दीड वाजता पाणी प्यायला उठले, तर सूनबाई मोबाईल घेऊन जागीच. “अगं, झोपली नाहीस अजून?” म्हटलं, तर म्हणाली, “आई, शेवटचे दोनच भाग राहिलेत. संपवूनच झोपते.” दहा भागांची मालिका तिनं दोन रात्रींत संपवली. सकाळी विचारलं, “कशी होती गं?” “छान होती,” म्हणाली आणि पोळ्या लाटायला लागली. बस्स, एवढंच!

मला मात्र आमची ‘हम लोग’ आठवली. दूरदर्शनवर ती 7 जुलै 1984 ला सुरू झाली आणि 17 डिसेंबर 1985 ला संपली. भाग 156, म्हणजे आठवड्याला साधारण दोन. मी तेव्हा नवी सून. आळीत टीव्ही आमच्याकडेच, त्यामुळे वेळ झाली की शेजारणी पदराला हात पुशीत हजर! दारुडा बसेसरराम, त्याची सोशिक बायको भागवंती, आजी-आजोबा, नोकरी शोधणारा लल्लू आणि बडकी, मझली, छुटकी या तिघी बहिणी. शेवटी अशोककुमार येऊन चार समजुतीचे शब्द सांगायचे.

भाग संपला तरी गोष्ट संपत नसे. दुसऱ्या दिवशी मेथी निवडताना, तांदूळ पाखडताना आमच्या पुढच्या भागाची जुळणी चाले. तशी ही तऱ्हा काही नवी नव्हती. चातुर्मासात देवळात पुराण लागे, तेव्हाही बुवा ऐन रंगात पोथी गुंडाळत आणि बायका घरी जाईपर्यंत पुढचं रचत जात. रेडिओवरच्या ‘पुन्हा प्रपंच’मधल्या मीनावहिनी आणि टेकाडे भावोजी तर शेजारच्याच बिऱ्हाडातले वाटायचे.

लग्नामुळे माझं बी. ए.चं शेवटचं वर्ष राहिलं होतं. बाहेरून परीक्षा द्यावी असं फार मनात होतं. यांची ना नव्हती, पण मामंजी एकदाच म्हणाले, “आता कशाला?” आणि विषय मिटला. त्यांच्यापुढे बोलायची आमच्या घरात कुणाची छाती नव्हती. सासूबाईंची तर नाहीच.

मालिकेतल्या छुटकीला डॉक्टर व्हायचं होतं. एक दिवस मामंजींना भात वाढता वाढता सासूबाई म्हणाल्या, “ती छुटकी हुशार आहे हो. तिला शिकू द्यावं, असं आपलं मला वाटतं.”

“कोण छुटकी?” मामंजींनी विचारलं. वर्तमानपत्राआडून तेही बघायचे, पण कबूल कोण करणार!

“टीव्हीतली हो,” म्हणून सासूबाईंनी आमटी वाढली.

पुढच्या भागानंतर पुन्हा तेच. “पोरीच्या जातीला शिक्षण असलं की घराला आधार होतो. छुटकीचं म्हणतेय मी.” असं तीन आठवडे चाललं. शेवटी एका रात्री मामंजी पानावरून मान वर न करता म्हणाले, “फॉर्म भरायची शेवटची तारीख कधी आहे?” मी गोंधळून बघतच राहिले, तर म्हणाले, “छुटकीचा नव्हे, तुझा.”

‘सुनेला शिकू द्या’ हे सासूबाई सरळ कधीच म्हणू शकल्या नसत्या. त्यांची स्वतःची शाळा चौथीतच सुटली होती, हे मला फार उशिरा कळलं.

पुढे असंही वाचलं, की मेक्सिकोतल्या मिगेल साबिदो यांच्या मालिकांच्या धर्तीवर ‘हम लोग’ बेतली होती. सुरुवातीला तिच्यात कुटुंबनियोजनाचा उपदेश फार होता. तो लोकांना रुचला नाही, तसा कमी केला गेला. म्हणजे दोन भागांमधल्या रिकाम्या दिवसांत लोक बोलत होते आणि करणारे ऐकत होते. आमच्या स्वयंपाकघरातही तेच घडत होतं.

महेश एलकुंचवारांच्या ‘वाडा चिरेबंदी’तली प्रभा पाहिली, तेव्हा माझ्या छातीत धस्स झालं. शिकायची एवढी हौस, पण वडिलांनी शिकू दिलं नाही आणि ती तशीच घरात राहून गेली. त्या वाड्याची गोष्ट पुढे ‘मग्न तळ्याकाठी’ आणि ‘युगान्त’मध्ये वाढली आणि 1994 साली चंद्रकांत कुलकर्णी यांनी तिन्ही नाटकं सलग रंगभूमीवर आणली. गोष्ट इतकी लांबली, पण मला मात्र प्रभाचंच वाटत राहिलं. तिच्या बाजूनं बोलणारी एखादी सासूबाई त्या वाड्यात हवी होती!

तर परवाच्या त्या ‘छान होती’नंतर मी सूनबाईला म्हटलं, “आता नवी मालिका आपण दोघी बघू. पण रोज एकच भाग.” ती हसली, पण कबूल झाली. पहिले दोन दिवस मध्येच थांबायचं तिच्या जिवावर आलं.

तिसऱ्या दिवशी गवार मोडता मोडता म्हणाली, “आई, दुसऱ्या गावी चांगली नोकरी मिळत असेल, तर त्या बाईनं आधी घरात विचारावं का हो? की होकार कळवून मग सांगावं?”

माझा हात थांबला. “कुठल्या गावी गं?” मी विचारलं.

“बंगलोरला.”

मालिकेत बंगलोरचं नावही आलं नव्हतं. मी गॅस बारीक केला आणि तिच्याजवळ येऊन बसले.