विरणारी शाई आणि झाकलेली अक्षरे

उर्सुला ल ग्विन (१९२९-२०१८) यांच्या ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ (१९६८) या कादंबरीत रोक नावाच्या बेटावर मांत्रिकांचे विद्यापीठ आहे. तेथील शिष्यांना काही काळ बेटाच्या उत्तर टोकावरील एकाकी मनोऱ्यात राहावे लागते. कथानायक गेड तेथे आणखी सात मुलांबरोबर जातो. नामविद्येचे आचार्य कुर्रेम्कार्मेरुक उंच आसनावर बसून नावांच्या याद्या लिहीत असतात. शिष्यांनी त्या मध्यरात्रीपूर्वी मुखोद्गत करायच्या. कारण मध्यरात्री शाई विरते आणि चर्मपत्र कोरे होते. या विश्वात मंत्र म्हणजे वस्तूचे खरे नाव. ‘समुद्र’ एवढे म्हटल्याने समुद्र वश होत नाही. प्रत्येक भूशिराचे, खाडीचे, खडकाचे नाव वेगळे जाणावे लागते.

वरकरणी ही शिक्षणपद्धती निष्ठुर वाटते. परंतु तिच्या मुळाशी एक गंभीर धारणा आहे : लिहिलेले अक्षर हे ज्ञान नव्हे, ज्ञानाची तात्पुरती ठेव होय. ते शिष्याच्या ठायी उतरले नाही, तर ठेवही बुडते. लेखनाची दीक्षा म्हणजे लेखन नाहीसे होईल त्या दिवसाची तयारी. ही कल्पना अद्भुतकथेतली असली, तरी प्राचीन मराठीच्या अभ्यासकाला ती सर्वस्वी परकी वाटू नये.

चक्रधरांच्या प्रयाणानंतर म्हाइंभटांनी त्यांच्या लीळा गोळा केल्या. ज्याने प्रसंग पाहिला त्याला गाठायचे, ऐकलेले पडताळायचे, मग लिहायचे, ही त्यांची रीत होती. इ. स. १२७८ च्या सुमारास ‘लीळाचरित्र’ सिद्ध झाले. पुढे चौदाव्या शतकाच्या आरंभीच्या धामधुमीत मूळ पोथी हरपली, असे पंथाची परंपरा सांगते. तेव्हा ज्यांना लीळा पाठ होत्या त्यांच्या स्मरणातून ग्रंथ पुन्हा उभा राहिला. हिराइसेच्या स्मरणाचा उल्लेख या संदर्भात आदराने केला जातो. स्मरणे अनेक असल्यामुळे पाठही अनेक झाले. येथे शाई खरोखरच विरली होती. तगून राहिले ते शिष्य.

या आघातानंतर पंथाने दुसरा मार्ग स्वीकारला. सकळ, सुंदरी, अंक, वज्र अशा सांकेतिक लिप्या निर्माण झाल्या. त्यांतील सकळ लिपीचे कर्तृत्व परंपरेने ‘सह्याद्रिवर्णन’कार रवळोबासांकडे दिले आहे. तिचे तत्त्व कळावयास सोपे आहे : एका अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे अक्षर किंवा चिन्ह लिहायचे. किल्ली गुरूकडून शिष्याला मिळे. पोथी उतरून घेणाऱ्या नवशिक्याला त्यामुळे दुहेरी अवधान ठेवावे लागे. डोळ्यांना दिसे ते एक आणि मनात उमटे ते दुसरे. पंथ पंजाबात पोचला, तेथे जयकृष्णी म्हणून ओळखला गेला. आणि ज्यांची मातृभाषा मराठी नव्हती असे अनुयायीही मराठी ग्रंथांचे जतन करू लागले.

मात्र अर्थसीतील गुप्तता आणि ही गुप्तता यांत महत्त्वाचा भेद आहे. तेथे नाव गुप्त असते, कारण नावातच सामर्थ्य असते. येथे गुप्तता संरक्षणासाठी होती आणि तिच्यात एक विसंगती दडली होती. ज्या नागदेवाचार्यांनी साध्याभोळ्या स्त्रिया वंचित राहतील म्हणून संस्कृताऐवजी मराठीचा आग्रह धरला, त्यांच्याच परंपरेतील मराठी पुढे पंथाबाहेरच्या सर्वांना अगम्य झाली. विसाव्या शतकात राजवाडे, भावे, य. खु. देशपांडे, ह. ना. नेने, वि. भि. कोलते आदींनी या वाङ्मयाचे दालन खुले करीपर्यंत मराठी वाङ्मयेतिहासाचा आरंभ अपुऱ्या पुराव्यावर लिहिला जात होता.

म्हणून लिपिकारांना दोष द्यावा काय? येथे ‘ज्ञानेश्वरी’चे उदाहरण विचारात घ्यावे लागते. ती सर्वांच्या हाती राहिली, सर्वांनी उतरून घेतली. आणि तीन शतकांत तिच्यात एवढे अपपाठ शिरले, की एकनाथांना इ. स. १५८४ मध्ये तिचे शुद्धीकरण करावे लागले. झाकलेल्या अक्षरांमुळे महानुभाव गद्याचे जुने भाषारूप त्या मानाने कमी बदलले, असे अभ्यासक मानतात. खुली पोथी वाचली गेली आणि बदलली. मिटलेली पोथी टिकली, पण वाचली गेली नाही. जतन आणि प्रसार ही दोन कर्तव्ये एकाच लेखणीने पार पाडणे किती अवघड असते, हे या दोन ग्रंथांच्या वाटचालीतून दिसते.

‘लीळाचरित्रा’ची कोलतेसंपादित प्रत १९७८ मध्ये छापली गेली, आणि ज्या रिद्धपुराशी या परंपरेची नाळ जुळली आहे तेथे आता मराठी भाषा विद्यापीठही उभे राहिले आहे. हस्तलिखितांची छायाचित्रे क्षणात हाती येतात. शाई विरण्याचे भय संपले. पण त्या भयातून घडणारी शिष्याची वृत्ती आपोआप येत नाही. पडद्यावरची प्रत कधीच कोरी होणार नाही, या खात्रीने ती उद्यावर टाकली जाते. लहियाला प्रत्येक अक्षराशी थांबावेच लागे. आजच्या विद्यार्थ्याला थांबण्याची सक्ती नाही. ती त्याने स्वतःवर घालून घ्यावी, एवढेच विद्यापीठीय विभाग त्याला शिकवू शकतात. जी पोथी कोणी वाचत नाही, ती सांकेतिक लिपीत नसली तरी मिटलेलीच असते.