मजकूर तोंडात बसेपर्यंत

राजापूरच्या पंचक्रोशीत शिमग्याला नमन-खेळे पाहत जो लहानाचा मोठा झाला, त्याला नट निराळा आणि लेखक निराळा ही विभागणी मुळातच परकी वाटते. कारण मृदंगाच्या थापेवर संकासूर नाचून गेला, गौळण आटोपली आणि वग उभा राहिला म्हणजे राजाचे सोंग घेतलेला गडी कथेचा सांगाडा तेवढा मनात धरून बोलत असे, आणि समोरच्या मंडळींच्या मुद्रा पाहून आपले पुढचे वाक्य मुक्रर करीत असे.

पुढे अल्प भांडवलाच्या, स्वतंत्र वृत्तीच्या चित्रपटांत कामे करू लागलो. दोन चित्रपटांमधल्या रिकाम्या महिन्यांत बोलावण्याची प्रतीक्षा करीत बसणे मला मानवेना, म्हणून मी पटकथेचे खर्डे करू लागलो. पहिल्या खर्ड्यातला नायक, जो अर्थात मीच करणार होतो, उन्हाळे गावच्या माळावर अधूनमधून जमिनीतून प्रकटणारी गंगा आल्याची वार्ता ऐकून मुंबईहून परततो आणि तिच्या १४ कुंडांपाशी उभा राहून मृत आईविषयी दोन पाने बोलतो. कागदावर ते भाषण मला फार हृद्य वाटले होते. पण मोठ्याने म्हणू लागताच तिसऱ्या ओळीला श्वास अडला, आणि हा मनुष्य दुःखात नसून दुःखाचा दाखला सादर करीत आहे, हे माझ्याच कानांनी मला सांगितले.

स्वतःसाठीच संवाद लिहिण्याच्या बाबतीत मी गिरीश कुलकर्णी यांच्या 'देऊळ' या चित्रपटाकडे वारंवार वळतो. लेखन त्यांचे, केशाची भूमिकाही त्यांचीच. तरीही हरवलेली गाय शोधताना दत्तदर्शन झालेल्या त्या भाबड्या गुराख्याला त्यांनी वाक्चातुर्य दिले नाही. युक्तिवाद, डावपेच आणि विवेकाचा इशारा हे सारे भाऊ व अण्णा ही पात्रे आणि गावकरी यांच्या तोंडी गेले. ५९व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेता आणि सर्वोत्कृष्ट संवाद हे दोन्ही सन्मान त्यांना मिळाले, ते मला या संयमाचेच फळ वाटते. लेखणी हाती असताना स्वतःचे पात्र आवरणे ही नटाला अत्यंत दुष्कर गोष्ट आहे.

माझा पाचवा खर्डा नुकताच पुरा झाला. कुंडाच्या प्रसंगात नायक आता तांब्या भरून घेतो आणि काही बोलत नाही. संवाद उरले आहेत ते शेजारी स्नानास आलेल्या एका वृद्धेचे, आणि तेही दोनच.