परत आलेली नायिका : किनुयो तानाका

१/ जानेवारी १९५०. अमेरिकेचा सदिच्छा दौरा आटोपून अभिनेत्री किनुयो तानाका जपानला परतल्या. जाताना त्या किमोनोत होत्या. येताना अंगावर पाश्चात्त्य पोशाख आणि डोळ्यांवर काळा चष्मा होता. जमलेल्या चाहत्यांकडे पाहून त्यांनी हवेत चुंबने फेकली. देश तेव्हा अमेरिकी सैन्याच्या ताब्यात होता. वृत्तपत्रांनी झोड उठवली. पाव शतक जिच्यावर जपानने जीव टाकला, ती नायिका रातोरात टिंगलीचा विषय झाली.

२/ पाव शतक ही अतिशयोक्ती नव्हे. १९०९ साली शिमोनोसेकी येथे जन्मलेल्या तानाका १९२४ मध्ये शोचिकु कंपनीच्या मूकपटांत आल्या. जपानचा पहिला यशस्वी बोलपट मानला जाणारा हैनोसुके गोशो यांचा १९३१ मधील चित्रपट त्यांच्याच भूमिकेने गाजला. १९३८ च्या 'आइझेन कात्सुरा'मधील त्यांच्या परिचारिकेने तर प्रेक्षकांना वेड लावले.

३/ नाचक्कीनंतर त्यांना पुन्हा उभे केले ते दिग्दर्शक केन्जी मिझोगुची यांच्या चित्रपटांनी. १९५२ च्या 'ओहारूचे जीवन'मध्ये राजदरबारातून वेश्यावस्तीपर्यंत घसरत जाणारी स्त्री तानाका यांनी साकारली. पुढे 'उगेत्सु' (१९५३) आणि 'सान्शो' (१९५४) आले. व्हेनिसच्या महोत्सवात सलग तीन वर्षे या तिन्ही चित्रपटांचा गौरव झाला.

४/ याच काळात त्यांनी कॅमेऱ्यामागे जाण्याचे ठरवले. कीर्तीच्या शिखरावरील ही नटी मिकिओ नारुसे यांच्या हाताखाली उमेदवारी करून दिग्दर्शन शिकली. त्यांच्याआधी जपानमध्ये कथापट दिग्दर्शित करणारी स्त्री एकच होती : ताझुको साकाने, १९३६ साली.

५/ तानाका यांचा पहिला चित्रपट 'प्रेमपत्र' (१९५३). मायदेशी निघून गेलेल्या अमेरिकी सैनिकांना जपानी स्त्रियांच्या वतीने पत्रे लिहून देणारा एक माजी सैनिक त्याचा नायक आहे. ज्या स्त्रियांना समाज 'अमेरिकनांच्या बायका' म्हणून हिणवत होता, त्यांचा न्यायनिवाडा करण्याचा अधिकार पराभूत पुरुषाला कोणी दिला, असा प्रश्न हा चित्रपट विचारतो. विमानतळावरच्या त्या दिवसानंतर हा प्रश्न तानाका यांना परका नव्हता.

६/ विरोध मात्र अनपेक्षित जागेवरून आला. निक्कात्सु कंपनीने दुसरा चित्रपट देऊ केला, तेव्हा दिग्दर्शक संघाचे अध्यक्ष असलेल्या मिझोगुची यांनीच आडकाठी केली. पडद्यावर स्त्रीचे दुःख ज्यांनी इतक्या आस्थेने मांडले, त्यांना ते मांडणारी स्त्री चालली नाही! यासुजिरो ओझू मात्र पाठीशी उभे राहिले. त्यांच्या सहलेखनातील पटकथेवरच 'चंद्र उगवला' (१९५५) तयार झाला. मिझोगुचींसोबत तानाका यांनी पुन्हा काम केले नाही.

७/ त्याच वर्षी त्यांनी पटकथाकार सुमिए तानाका यांच्यासह कवयित्री फुमिको नाकाजो यांचे जीवन पडद्यावर आणले. स्तनाच्या कर्करोगाने नाकाजो आदल्याच वर्षी निवर्तल्या होत्या. शस्त्रक्रियेनंतरही या चित्रपटाची नायिका दयेची याचना करत नाही. तिला कविता हवी असते, प्रेमही हवे असते. १९६२ पर्यंत तानाका यांनी एकूण सहा चित्रपट दिग्दर्शित केले.

८/ अभिनय सुटला नव्हताच. १९७४ च्या 'सान्दाकान क्रमांक ८'मध्ये त्यांनी म्हाताऱ्या ओसाकीची भूमिका केली. लहानपणी बोर्निओतल्या कुंटणखान्यात विकली गेलेली ओसाकी मायदेशी परतते, तेव्हा ज्या भावासाठी तिने पैसे पाठवले, त्यालाच तिची लाज वाटते. या भूमिकेसाठी १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात तानाका सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरल्या. दोन वर्षांनी त्यांचे निधन झाले.

९/ परदेशातून परतलेल्या स्त्रीकडे घरचीच माणसे कोणत्या नजरेने पाहतात, हे तानाका यांना कोणी शिकवावे लागले नाही. १९५० साली त्यांनी ती नजर झेलली, १९५३ साली तिला जाब विचारला आणि पासष्टीच्या उंबरठ्यावर तीच वेदना ओसाकीच्या सुरकुतलेल्या चेहऱ्यावर मांडली.