बॅरलमधली बाग

ड्रिल मशीन हाताशी असूनही मी बॅरलला भोकं पाडली नाहीत, तीही मुद्दाम. कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत एप्रिल-मे काढलेल्या माणसाला एकच भीती असते, झाडाला पाणी कमी पडेल. पाणी आत साठून राहिलं तर साप्ताहिक सुट्टीही निभेल, एवढाच माझा हिशेब. आमच्या शेडच्या आणि कंपाउंडच्या भिंतीमधल्या चिंचोळ्या पट्टीत निळे बॅरल अर्धे कापून मांडले. कागदी लिंबू, अंजीर, पेरू. माती आणली उसाच्या रानातली, काळीभोर. तिच्यात एवढा ऊस उभा राहतो, तर लिंबाचं काय घेऊन बसलात?

जुलैच्या पावसात लिंबाची पानं पिवळी पडली. नत्र कमी पडलं असणार म्हणून मी युरिया टाकला. पानं आणखी पिवळी पडली, मी आणखी टाकला. शेवटी गेटवरचे मामा येऊन बॅरलमध्ये वाकून बघून म्हणाले, "सायेब, लिंबू लावलंयसा का मासं सोडल्यासा?" झाड उपटलं तर मुळं काळी, बोटानं साल सुटून येणारी, आणि वास गटारीचा. पाण्याखाली हवा न मिळाल्यानं मुळं कुजली होती. कुजलेलं मूळ अन्न उचलू शकत नाही, म्हणून पानं पिवळी. मी वरून खताचा मारा करत होतो.

मग भोकं पाडली आणि शहाणपण म्हणून तळाला विटांचे तुकडे घातले. सगळेच घालतात. पण बारीक मातीतलं पाणी जाड तुकड्यांत सहज उतरत नाही. माती पुरती भिजेपर्यंत ते वरच अडकून राहतं. म्हणजे चिखलाचा थर मी तळातून उचलून मुळांच्या आणखी जवळ नेला. केशाकर्षण शिकून इंजिनिअर झालेल्या माणसानं हे करावं, याची लाज मला मेलेल्या लिंबापेक्षा जास्त वाटली. काळ्या मातीचा दोष वेगळाच. सुकली की ती आकसून बॅरलची कड सोडते, घातलेलं पाणी त्या फटीतून खाली पळतं आणि मधला गड्डा कोरडा तो कोरडाच.

गारगोटीच्या मौनी विद्यापीठात गणित शिकवणारे, 'प्रयोग परिवार'वाले श्रीपाद दाभोळकर याच कोल्हापूरचे. गच्चीवर, डब्या-पिशव्यांत पीक घ्यायला ते उसाचं चिपाड आणि पालापाचोळा वापरायला सांगत. मुळांना हवा हवी, पांढरी मुळी वाढली पाहिजे, यावर त्यांचा सगळा भर. मी त्यांच्याच जिल्ह्यात राहून ते वाचलं नंतर, झाडं मारून झाल्यावर. आता ओळखीच्या गुऱ्हाळावरून चिपाड आणतो. तिथं ते काहिलीखाली जाळायला लागतं, त्यामुळं दोन पोती मागताना थोडा संकोच होतो. कुजवलेलं चिपाड, पाचोळा, शेणखत आणि थोडीच माती, असं भरलं की बॅरल एकट्यानं हलवतासुद्धा येतो. पश्चिमेच्या उन्हात बॅरलची भिंत तापून त्या बाजूची मुळं भाजतात, म्हणून बाहेरून चुना लावला आहे. अंजीर त्यात खूश आहे.

आंब्याचं मात्र निस्तरत नाही. दशहरी आणि नीलम यांच्या संकरातली 'आम्रपाली' आटोपशीर वाढते म्हणून तिचं कलम आणलं. सांध्याची पट्टी काढायची राहून गेली, ती खोडात रुतली आणि वरची काडी वाळली. सांध्याखालून खुंटाला तरतरीत फूट आली. कलम जगलं म्हणून मी पेढे वाटले. तिला काठी लावली, खत घातलं, आलेल्यागेलेल्याला कौतुकानं दाखवली. मामांनीच एक पान चुरगळलं, हुंगलं आणि सांध्याच्या खालचा भाग दाखवला. मी रायवळ आंबा वाढवत होतो. आम्रपालीचा वाळका बुडखा पालवीआड होता.

या खुंटावर पुन्हा कलम बांधता येतं, हे आता मला कळतं. त्यासाठी वाढलेला शेंडा छाटावा लागेल. जमिनीत लावायचा म्हटलं तर त्या पट्टीखालून केबल गेली आहे. त्यामुळं रायवळ आंबा अजून अर्ध्या बॅरलमध्येच उभा आहे, आणि छाटणीची कात्री घेऊन गेलो की दरवेळी मी शेजारच्या पेरूचीच एखादी फांदी कापून परत येतो.