पट्टी लपवा!

आमच्या चिरंजीवांचा लॅपटॉप वजनाला वहीएवढा, पडदाही बेताचाच. खेळताना खालची पट्टी आड येते म्हणून ते ती लपवतात. ही सोय १९९५च्या विंडोजपासूनची. बाण तळाशी नेला की पट्टी डोकावते. हटला की वसुलीवाल्याला पाहून कर्जदार व्हावा तशी गडप!

पण घड्याळ अन् बॅटरी त्या पट्टीतच. त्यामुळे रात्री दोनला ‘दहा वाजले असतील’ म्हणतात, आणि शत्रूला जमलं नाही ते शेवटी बॅटरी करते.

मी रागावत नाही. बँकेत घड्याळ माझ्या डोळ्यांसमोरच. साडेपाच काही वाजत नाहीत. घरी मात्र बारावी झाली की पोरगं बुलढाणा सोडून पुण्याला जाणार. ते घड्याळ लपवायची कळ कुठं असते, राजेहो?